मेडिकल बोर्डाने ‘सेवेशी संबंध नाही’ असं लिहिलं, तर पुढे काय करायचं

फौजेतून बाहेर पडण्याआधी मेडिकल बोर्ड होतं, म्हणजे फौजेच्या डॉक्टरांची समिती तपासते. त्याच्या कागदावर आजाराचं नाव असतं, अपंगत्वाची टक्केवारी असते, समजा ३० टक्के, आयुष्यभरासाठी. आणि खाली ‘पेन्शनसाठी ग्राह्य अपंगत्व’ या रकान्यात शून्य असतं. आजार मान्य, टक्केवारी मान्य, अपंगत्वाची पेन्शन मात्र नाही. कारण वरच्या तक्त्यात बोर्डाने लिहिलेलं असतं की हा आजार सेवेमुळे झालेला नाही आणि सेवेमुळे वाढलेलाही नाही. रेकॉर्ड ऑफिसात, म्हणजे सैनिकांचे सेवेचे कागद ठेवणाऱ्या कार्यालयात, आणि वकिलांच्या बोलण्यात या शेऱ्याला इंग्रजी आद्याक्षरांवरून ‘नाना’ म्हणतात.

या शेऱ्याला सशस्त्र दल न्यायाधिकरणात, म्हणजे एएफटीत, आव्हान देता येतं आणि अशा कितीतरी माजी सैनिकांनी पेन्शन मिळवली आहे. पण बरेच जण चुकीच्या जागी जोर लावतात. आजार किती गंभीर आहे हे पटवण्यासाठी खासगी हॉस्पिटलातून ६० टक्क्यांचं सर्टिफिकेट आणतात. त्याचा उपयोग फार थोडा. न्यायाधिकरण डॉक्टरचं काम करत नाही. बोर्डाने आपल्या मताला कारण दिलं का, आणि ते कारण नियमात आणि तुमच्या सर्व्हिस रेकॉर्डमध्ये बसतं का, एवढंच ते बघतं. त्यामुळे सगळी लढाई कारणाच्या त्या एका रकान्यावर असते.

आधी डिस्चार्जची तारीख बघा, कारण कुठले नियम लागणार ते तीच ठरवते. १ जानेवारी २००८ च्या आधी बाहेर पडलेल्यांना १९८२ चे पात्रता नियम, त्यानंतरच्यांना २००८ चे, आणि २१ सप्टेंबर २०२३ पासून पुढे बाहेर पडलेल्यांना नवे नियम. नव्या नियमांत बरंच काही बदललं आहे, इथे लिहितोय ते त्याआधीच्यांसाठी.

१९८२ च्या नियमांत सैनिकाच्या बाजूने दोन भक्कम गोष्टी होत्या. भरतीच्या वेळी कागदावर आजाराची नोंद नसेल तर तो निरोगी होता असं गृहीत धरायचं, आणि पुढे तब्येत बिघडली तर ती सेवेमुळे बिघडली असं गृहीत धरायचं. शिवाय पुरावा देण्याचं ओझं सैनिकावर नाही, शंकेचा फायदा त्याला. २००८ च्या नियमांनी यातला बराच भाग काढून घेतला. भरतीची तपासणी मर्यादित असते, सुप्त आजार तिच्यात सापडत नाहीत, आणि केवळ सेवेच्या काळात आजार दिसला म्हणून तो सेवेमुळे झाला असं ठरत नाही, असं तिथे स्पष्ट लिहिलं आहे. पात्रता सिद्ध करायला दावेदाराला सर्वसाधारणपणे सांगायचं नाही हे मात्र राहिलं. पण डिस्चार्जनंतर १५ वर्षं उलटून, कागदपत्रं नष्ट झाल्यावर दावा केला तर पुराव्याचं ओझं दावेदारावर येतं. म्हणून २००८ नंतरच्या माणसाने नुसतं ‘भरतीच्या वेळी मी ठणठणीत होतो’ एवढ्यावर थांबू नये. आजार आणि ड्युटी यांचा धागा त्याला कागदावर दाखवावा लागतो.

कागद कुठून आणायचे? माहिती अधिकारातून, आपल्या रेकॉर्ड ऑफिसच्या माहिती अधिकाऱ्याकडे अर्ज करून. मराठा लाइट इन्फंट्रीचं रेकॉर्ड बेळगावला, महार रेजिमेंटचं सागरला, तोफखान्याचं नाशिक रोडला, बॉम्बे इंजिनिअर ग्रुपचं खडकीला. फी १० रुपये, उत्तराची मुदत ३० दिवस. माहिती स्वतःची आहे, त्यामुळे वैयक्तिक म्हणून नाकारण्याचा प्रश्न येत नाही. अर्जात ‘माझी सर्व मेडिकल कागदपत्रं’ असं मोघम लिहू नका. एकेक कागद नावाने मागा: शेवटच्या बोर्डाचं पूर्ण प्रोसीडिंग, म्हणजे एएफएमएसएफ-१६ नावाचा फॉर्म, सगळ्या पानांसह, भरतीच्या वेळचा वैद्यकीय अहवाल, मेडिकल कॅटेगरी खाली आणली तेव्हाच्या सगळ्या बोर्डांचे एएफएमएसएफ-१५, मिलिटरी हॉस्पिटलचे केस शीट आणि तज्ज्ञांची मतं, शीट रोल (सेवेची नोंद) किंवा पोस्टिंगचा तपशील, जखम असेल तर इंज्युरी रिपोर्ट आणि कोर्ट ऑफ इन्क्वायरी (युनिटची चौकशी), आणि पेन्शन नाकारल्याचं पत्र. ‘साक्षांकित प्रत’ हे शब्द विसरू नका. आणि वेळ घालवू नका, कारण पेन्शन न मिळालेल्यांचे सर्व्हिस कागद २५ वर्षांनी नष्ट केले जातात. ‘कागद नष्ट झाले’ असं उत्तर आलं तर तेही लेखी घेऊन ठेवा, ते याचिकेला जोडावं लागतं.

कागद हातात आले की एएफएमएसएफ-१६ उघडा आणि सुरुवातीपासून वाचा. पहिला भाग तुमचं स्वतःचं निवेदन. कुठे, कधीपासून कधीपर्यंत, पीस (शांततेचं ठाणं) की फील्ड (सीमेवरचा किंवा कारवाईचा भाग). हा तक्ता अनेकदा क्लार्कने भरलेला असतो आणि जवानाने खाली सही केलेली असते. त्यात फील्डची एखादी पोस्टिंग गळलेली असते किंवा पीस म्हणून लागलेली असते. शीट रोलशी ओळ न् ओळ ताडून बघा. युनिटच्या अधिकाऱ्याचं निवेदनही वाचा: ड्युटी काय होती, तिच्यात विशेष ताण होता का. तिथे ताण असल्याचं मान्य केलेलं असेल आणि बोर्डाने पुढे त्याच्या उलट लिहिलं असेल, तर तुमच्या हातात मोठा मुद्दा आला.

मग बोर्डाच्या मताचं पान. तक्त्यात रकाने साधारण असे: आजार, सेवेमुळे झाला का, सेवेमुळे वाढला का, सेवेशी संबंध नाही का, आणि शेवटी कारण. त्याखाली प्रश्न असतो, की आजार भरतीपूर्वी होता का, आणि असेल तर नेहमीच्या तपासणीत तो न सापडण्याची शक्यता होती का. उच्च रक्तदाबाच्या केसमध्ये बहुतेकदा ओळ अशी दिसते: झाला का – नाही, वाढला का – नाही, संबंध नाही – होय, कारण – ‘पीस स्टेशनमध्ये सुरुवात, फील्ड, अतिउंच भाग किंवा बंडखोरीविरोधी कारवाईशी निकटचा संबंध नाही’.

एवढंच. या ओळीला सोलायचं असतं. बोर्ड म्हणतं सुरुवात पीसमध्ये झाली. पण म्हणजे रक्तदाब त्या तारखेला पहिल्यांदा मोजला गेला, की त्या तारखेला सुरू झाला? हे दोन वेगळे. समजा शीट रोल सांगतो की माणूस अडीच वर्षं उंचावरच्या चौकीवर होता, खाली पीस स्टेशनला आला आणि पाचव्या महिन्यात वार्षिक तपासणीत रक्तदाब सापडला. फौजेच्या डॉक्टरांसाठीच्या पेन्शन मार्गदर्शिकेत रक्तदाबाच्या कलमात फील्ड, अतिउंच भाग, बंडखोरीविरोधी कारवाई आणि जहाजावरची दीर्घ सेवा यांचा नावाने उल्लेख आहे. मग याचिकेतला परिच्छेद असा उभा राहतो: ‘अर्जदार अमुक तारखेपासून अमुक तारखेपर्यंत अतिउंच भागात तैनात होता (परिशिष्ट अमुक). तिथून परतल्यावर पाच महिन्यांत आजार आढळला. या काळात रक्तदाबाची नियमित तपासणी झाल्याचा कागद प्रतिवादींनी दिलेला नाही. बोर्डाने या तैनातीचा उल्लेखच केलेला नाही. पीस स्टेशनमध्ये निदान झालं एवढ्यावरून सेवेशी संबंध नाकारला आहे.’ पाच-सहा ओळी, प्रत्येक ओळीला कागद. मी वाचलेल्या बऱ्याच याचिकांत निकालांचे उतारे पानंच्या पानं असतात आणि असा एक परिच्छेद नसतो, याचं फार वाईट वाटतं.

हाच तक्ता वाचताना तुमच्या विरोधात जाणाऱ्या गोष्टीही शोधा, कारण सरकारी वकील त्याच काढणार. दोन मुख्य. एक, वजन: वार्षिक तपासणीत वजन आदर्श वजनापेक्षा बरंच जास्त असेल आणि कमी करण्याचा सल्ला नोंदलेला असेल, तर मधुमेह-रक्तदाबाच्या केसमध्ये तो मुद्दा जड जातो. दुसरी, दारू-तंबाखू आणि घराण्यातला आजार. केस शीटमध्ये ‘वडिलांना मधुमेह’ एवढी नोंद असेल तर आनुवंशिकतेचा युक्तिवाद येणारच. त्यावर उत्तर असं, की आनुवंशिक कल असला तरी सेवेमुळे आजार वाढू शकतो, आणि ‘वाढला’ हा स्वतंत्र निकष आहे. पेन्शनसाठी दोन्हींपैकी एक पुरे. याचिकेत नेहमी दोन्ही मागा. फक्त ‘सेवेमुळे झाला’ यावर अडून बसलात तर सोपी वाट सोडून दिल्यासारखं होतं.

निकालांपैकी पाया आहे तो धरमवीर सिंग विरुद्ध भारत सरकार, सर्वोच्च न्यायालय, २ जुलै २०१३. सुमारे ९ वर्षं सेवा, आकडीचा आजार, २० टक्के अपंगत्व, बोर्डाने ‘सेवेशी संबंध नाही’ म्हणून बाहेर काढलेलं. न्यायालयाने १९८२ चे नियम एकत्र वाचले आणि ठरवलं: भरतीच्या वेळी नोंद नसेल तर निरोगी असल्याचं गृहीतक सैनिकाच्या बाजूने, ते खोडून काढण्याचं ओझं सरकारवर, आणि आजार भरतीच्या वेळी सापडू शकला नसता असं बोर्डाला म्हणायचं असेल तर त्याची कारणं लिहावीच लागतील. कारण नसलेलं मत बंधनकारक नाही. सुखविंदर सिंग (२०१४) मध्ये आणखी पुढे जाऊन म्हटलं आहे, की ज्याला अपंगत्वामुळे सेवेतून काढलं, म्हणजे बोर्ड आउट केलं, त्याचं अपंगत्व २० टक्क्यांच्या वर असल्याचं मानायचं.

दुसरी बाजूही माहीत हवी. दामोदरन (२००९) निकालात बोर्ड ही तज्ज्ञ संस्था आहे, तिच्या मताला प्राधान्य, असं आहे. नरसिंग यादव (२०१९) प्रकरणात न्यायालयाने सांगितलं, की स्किझोफ्रेनियासारखा मानसिक आजार भरतीच्या तपासणीत सापडतोच असं नाही, म्हणून भरतीच्या वेळी नोंद नव्हती एवढ्यावर तो सेवेमुळे झाला असं धरता येणार नाही. मानसिक आजाराच्या केसमध्ये हा निकाल समोरून येणार हे धरूनच तयारी करा: लक्षणं पहिल्यांदा कुठे दिसली, त्याआधी कोणती ड्युटी होती, युनिटमध्ये काही घटना घडली होती का, सुटी किती काळ मिळाली नव्हती. हे सगळं केस शीटच्या पहिल्या दोन पानांत, दाखल करतानाच्या नोंदीत सापडतं. ती पानं नीट वाचा.

जखमेच्या केसचं गणित वेगळं. तिथे जखम आणि सेवा यांचा कार्यकारण संबंध दाखवावा लागतो. सुटीवर असताना घरच्या कामात, स्वतःच्या गाडीवर अपघात झाला, तर सर्वोच्च न्यायालयाने जुझार सिंग (२०११) सारख्या निकालात पेन्शन नाकारली आहे. ड्युटीवर जाताना-येताना झालेला अपघात वेगळा. मदन सिंग शेखावत (१९९९) मध्ये कॅज्युअल लीव्हवर स्वखर्चाने घरी जाणाऱ्या जवानाला न्यायालयाने पेन्शन दिली. म्हणून रजेचा प्रकार, रजेचा पास आणि प्रवासाची तारीख हे कागद महत्त्वाचे.

टक्केवारीला आव्हान देणं हे सगळ्यात अवघड. बोर्डाने १५ टक्के म्हटलं आणि तुम्हाला ३० वाटतात, तर न्यायाधिकरण स्वतः आकडा बदलत नाही. फार तर नवं बोर्ड बसवायला सांगतं. आणि सेवा पूर्ण करून निवृत्त झालेल्याचं अपंगत्व २० टक्क्यांपेक्षा कमी असेल तर पेन्शनमधला अपंगत्वाचा हिस्सा नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने विंग कमांडर एस. पी. राठोड प्रकरणात ११ डिसेंबर २०१९ ला स्पष्ट केलं. नवं बोर्ड मागताना लक्षात ठेवा, की ते आकडा खालीही आणू शकतं. ज्यांच्याकडे आधीच ३० टक्के आहेत त्यांनी उगाच त्याला हात लावू नये. याउलट एक केस सोपी: बोर्डाने संबंध मान्य केला, टक्केवारी दिली, आणि नंतर पेन्शन हिशेब कार्यालयाने ती बदलली किंवा नाकारली. माणसाला न तपासता बोर्डाचं मत असं बाजूला सारता येत नाही, हे मोहिंदर सिंग प्रकरणात १९९३ लाच ठरलं आहे.

पैशाचं गणित हातात असू द्या. अपंगत्वाचा हिस्सा १०० टक्क्यांना शेवटच्या पगाराच्या ३० टक्के, त्याखाली त्या प्रमाणात. शेवटचा पगार ४०,००० असेल तर १०० टक्क्यांना १२,०००, आणि ३० टक्क्यांना ३,६००. पण ३१ जानेवारी २००१ च्या संरक्षण मंत्रालयाच्या पत्राने टक्केवारी वरच्या टप्प्याला नेली जाते: ५० च्या खालचे ५०, ५० ते ७५ चे ७५, ७६ ते १०० चे १००. म्हणजे ३,६०० ऐवजी ६,०००, वर महागाई भत्ता. आधी हा लाभ फक्त बोर्ड आउट झालेल्यांना देत होते. राम अवतार निकालाने (१० डिसेंबर २०१४) तो निवृत्त झालेल्यांनाही लागू झाला. याचिकेच्या मागण्यांत हा टप्पा स्वतंत्रपणे मागा. मागितलं नाही तर ३० टक्क्यांवरच आदेश होतो आणि पुन्हा फेरी पडते.

कोर्टाआधी दोन अपिलं असतात. पेन्शन नाकारल्याचं पत्र आल्यापासून ६ महिन्यांत पहिलं, पहिल्या अपील समितीकडे, रेकॉर्ड ऑफिसमार्फत. ते फेटाळलं तर ६ महिन्यांत दुसरं. अपिलाची प्रत आणि रजिस्टर पोस्टाची पावती जपा, कारण एएफटी कायद्याच्या कलम २१ प्रमाणे आधीचे उपाय वापरून झाल्याचं दाखवावं लागतं. उत्तर आलं नाही आणि ६ महिने झाले, तर थांबायची गरज नाही. त्यापुढच्या ६ महिन्यांत अर्ज दाखल करायचा. अंतिम आदेश आला असेल तर त्या तारखेपासून ६ महिने.

मुदत उलटली म्हणून हक्क संपला असं समजून घरी बसू नका. विलंब माफीचा अर्ज सोबत जोडा आणि तरसेम सिंग (२००८) निकालाचा आधार घ्या: पेन्शन न मिळणं हा दर महिन्याला नव्याने होणारा अन्याय आहे. मात्र त्याच निकालात थकबाकी याचिकेआधीच्या ३ वर्षांपुरती धरली आहे, आणि सरकारी वकील हा मुद्दा काढतातच. मागणी डिस्चार्जच्या तारखेपासूनचीच करा, आणि आधी केलेल्या प्रत्येक पत्रव्यवहाराची तारीख विलंबाच्या अर्जात लिहा. जो पहिल्या वर्षापासून पत्रं लिहित आलाय त्याची बाजू गप्प बसलेल्यापेक्षा भक्कम असते.

अर्ज कुठे? निवृत्त माणूस राहतो तिथल्या खंडपीठाकडे जाऊ शकतो. रेकॉर्ड ऑफिस सागरला असलं तरी साताऱ्याच्या माजी सैनिकाला मध्य प्रदेशात जावं लागत नाही. मुंबई खंडपीठ आहे. एएफटी कायद्याच्या कलम १४ खाली मूळ अर्ज. प्रतिवादी साधारण चार: संरक्षण सचिवांमार्फत भारत सरकार, सेनाप्रमुख, रेकॉर्ड ऑफिसचे प्रमुख अधिकारी, आणि प्रयागराजचं पेन्शन लेखा कार्यालय. हवाई दल आणि नौदलाच्या माणसाने त्या जागी आपापली कार्यालयं घालायची. मागण्या क्रमाने: बोर्डाचं मत आणि नकाराचं पत्र रद्द करावं, आजार सेवेमुळे झाल्याचं किंवा वाढल्याचं मानावं, अमुक तारखेपासून अपंगत्वाचा हिस्सा द्यावा, टक्केवारी वरच्या टप्प्याला न्यावी, थकबाकी व्याजासह, आणि हे मान्य होत नसेल तर पर्यायी, नवं मेडिकल बोर्ड बसवावं. स्वतः उभं राहता येतं, पण हिंदी-इंग्रजीतली वादप्रतिवादाची सवय नसेल तर वकील घ्या. वकील घेण्याआधी त्याने तुमचा एएफएमएसएफ-१६ वाचला का, हे विचारा. तक्त्यातलं कारण काय आहे हे त्याला सांगता आलं नाही तर दुसरा शोधा. जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयात पत्रव्यवहाराला मदत मिळते, तिचाही उपयोग करा.

सरकारचं उत्तर आलं की प्रत्युत्तर नक्की दाखल करा. उत्तर बहुधा ठरावीक साच्यातलं असतं आणि त्यात कधीकधी पोस्टिंगच्या तारखा चुकीच्या असतात. गप्प राहिलात तर त्या मान्य केल्यासारख्या होतात.

आदेश तुमच्या बाजूने लागला तरी पैसे लगेच खात्यात येत नाहीत. आदेशात सहसा अंमलबजावणीची मुदत आणि उशीर झाल्यास व्याज लिहिलेलं असतं. साक्षांकित प्रत मिळाली की ती स्वतः रेकॉर्ड ऑफिसला आणि प्रयागराजला रजिस्टर पोस्टाने पाठवा. मुदत उलटली की अंमलबजावणीचा अर्ज त्याच खंडपीठात. सरकार पुनर्विलोकन मागू शकतं, सर्वोच्च न्यायालयात जाण्याची परवानगी मागू शकतं, आणि परशोत्तम दास निकालानंतर (मार्च २०२३) राज्यघटनेच्या कलम २२६ खाली उच्च न्यायालयातही जाऊ शकतं. तुमच्या विरोधात आदेश गेला तर उच्च न्यायालयाचा हाच दरवाजा तुम्हालाही खुला आहे. वरच्या कोर्टाची स्थगिती आलेली नसेल तर ‘केस वर गेली आहे’ हे कारण अंमलबजावणी थांबवायला पुरत नाही. लेखी विचारा, स्थगितीचा आदेश कुठे आहे.

नवीन पीपीओ, म्हणजे पेन्शन देण्याचा आदेश, स्पर्श या संरक्षण पेन्शनच्या ऑनलाइन प्रणालीत आला की तीन गोष्टी तपासा: टक्केवारी वरच्या टप्प्याची लागली का, सुरुवातीची तारीख आदेशातलीच आहे का, आणि ‘आयुष्यभरासाठी’ असं आहे का. ७ फेब्रुवारी २००१ च्या पत्रानंतर दर काही वर्षांनी पुन्हा बोर्डासमोर बोलावण्याची पद्धत बंद झाली आहे, त्यामुळे मुदतीची अट दिसली तर लगेच दुरुस्ती मागा. आणि प्रकरण चालू असताना अर्जदार वारला तर ते तिथेच सोडू नका. पत्नीने वारस म्हणून नाव लावून घ्यावं. त्याच्या मृत्यूपर्यंतची थकबाकी ही तिची आहे.